म्हणा, प्रेस नंबर चार

काशीला मी आजवर चौदा वेळा जाऊन आलो आणि तिथं काहीही सोडलेलं नाही. लोक सोडतात. गंगेत स्नान झालं की आपल्या आवडीचा एखादा पदार्थ तिला वाहायचा आणि मरेपर्यंत त्याला तोंड लावायचं नाही, अशी रीत आहे. आमच्या काळेवाडीच्या सुमनताईंनी पेरू सोडला आणि घरी येऊन महिनाभर फळवाल्यापासून तोंड फिरवून चालल्या. मला कुणी विचारलं, की मी सांगायचो, गाईडला यात सूट असते. खरं कारण वेगळं होतं. मला जीव लावून जपावी अशी एकच वस्तू माझ्याकडे उरली होती आणि ती म्हणजे यशवंतराव जगदाळे या माणसावरचा राग. तो मी गंगेलाच काय, कुणालाच देणार नव्हतो.

माझी यात्रा कंपनी काळेवाडीत पिठाच्या गिरणीच्या वरच्या खोलीत आहे. कंपनी म्हणजे मी, एक टेबल, भगवा झेंडा आणि खंडू आचारी. झेंडा मी डाव्या हातात धरतो. उजवा हात उपरण्याखाली असतो. त्याला अंगठा आहे आणि करंगळी आहे, मधलं काही नाही. मला सगळे नाथभाऊ म्हणतात. नवनाथ ज्योतीराम हे पूर्ण नाव फक्त चाकणच्या एका कारखान्याच्या फायलीत राहिलंय.

गेल्या माघात पिंपळे सौदागरहून एक जोडपं जिना चढून वर आलं. बाई गोऱ्या, हसऱ्या, शाळेतून रिटायर झालेल्या शिक्षिका. मागून धापा टाकत नवरा. मी मान खाली घालून फॉर्म काढत होतो. तो म्हणाला, "काय रे, एसीचं रिझर्वेशन आहे ना नक्की?" आणि मी फॉर्म काढायचा थांबलो. अकरा वर्षांनी तो आवाज ऐकत होतो, पण त्यातला "काय रे" तसाच होता.

मी वर पाहिलं. त्याने माझ्याकडे पाहिलं आणि चष्मा पुसला. त्याने मला ओळखलं नव्हतं.

मी मनात म्हटलं, दाढी आलीय, वजन वाढलंय, ओळखणार कसा. फॉर्म पुढे सरकवला. काशीला पिंडदान करायचं असेल, तर वडील, आजोबा, पणजोबा यांची नावं आणि गोत्र आधीच लिहून घ्यावं लागतं. त्या फॉर्मवरून मी प्रत्येकाची चिठ्ठी बनवतो, ती गुरुजींना देतो, गुरुजी वाचतात आणि यजमान त्यांच्या मागून म्हणतो. निम्म्या काळेवाडीला आपलं गोत्र माहीत नसतं, त्यांच्या नावापुढे मी काश्यप लिहून मोकळा होतो. जगदाळेला मात्र सगळं पाठ होतं. बाजीराव, त्यांचे वडील, त्यांचेही वडील. आपल्या माणसांची नावं त्याच्या बरी लक्षात होती.

आता चाकणचं सांगतो, म्हणजे पुढचं कळेल.

मी प्रेस शॉपला होतो. प्रेस नंबर चार. पत्रा आत ठेवायचा, दोन हातांनी दोन बटणं एकदम दाबायची, वरून साचा येतो आणि पत्र्याला आकार देतो. दोन्ही हात बटणांवर असल्याशिवाय प्रेस खाली येत नाही, म्हणजे हात आत सापडण्याचा प्रश्नच नाही. बनवणाऱ्याने डोकं लावून बनवलेली गोष्ट. त्या दिवशी ऑर्डर मोठी होती. सुपरवायझर जगदाळे साहेब आले, उजव्या बटणावर एक नट ठेवला आणि काळी टेप गुंडाळून तो दाबून टाकला. म्हणाले, "आता डाव्या हातानं बटण मार, उजव्यानं माल लाव. नगामागं सहा सेकंद वाचतात." मी म्हटलं, "साहेब, हात जाईल." ते म्हणाले, "लक्ष ठेवलं तर काही जात नाही." पावणेदोन तास मी लक्ष ठेवलं.

दवाखान्यात तिसऱ्या दिवशी साहेब स्वतः आले, मोसंबी घेऊन. बरोबर इंग्रजीत टाइप केलेला कागद. "विम्यासाठी लागतो, कर अंगठा." उजव्या हाताचं बोचकं झालेलं, म्हणून त्यांनी माझा डावा अंगठा धरून शाईत बुडवला आणि कागदावर टेकवला. वर म्हणाले, काळजी करू नको. दोन महिन्यांनी चौकशीत तो कागद मराठीत वाचून दाखवला. त्यात लिहिलं होतं, सुपरवायझरने मनाई केलेली असताना मी स्वतःच्या मर्जीने बटणाला टेप लावली. चोराच्या उलट्या बोंबा, पण बोंबेखाली अंगठा माझा होता. मी ओरडलो, साहेबांनी लावली टेप. चौकशीवाल्यांचं म्हणणं, बाप दाखव नाहीतर श्राद्ध कर. माझ्याकडे दाखवायला काही नव्हतं.

नोकरी गेली त्याचं मी पचवलं. पचलं नाही ते वेगळंच. माझा बाप, ज्योतीराम, एकतीस वर्षं पिंपरीच्या कंपनीत लेथवर उभा राहिला. अंगावर एक ओरखडा नाही, हा त्याचा अभिमान. त्याने माझ्याऐवजी कागदावर विश्वास ठेवला. "मशीन कुणाचं वाईट करत न्हाई," म्हणाला, "माणूस वाकडा वागतो. आन कागदावर अंगठा तुजाच हाय की." त्यानंतर तो माझ्याशी बोलायचा, पण माझ्या हाताकडे पाहायचा नाही. जेवायला बसलो, की ताट न बोलता माझ्या डाव्या बाजूला सरकवायचा. तीन वर्षांनी गेला. आपल्या पोराने बेशिस्तीने हात घालवला, हे मनात घेऊन गेला.

दहाव्याला घाटावर भटजी म्हणाले, उजव्या हातात पाणी घ्या आणि अंगठा आणि तर्जनीच्या मधून सोडा. पितरांना पाणी तिथूनच जातं. मला तर्जनी नाही. दर्भाची अंगठी अनामिकेत घालतात, मला अनामिका नाही. हातात पाणी घेतलं की ते वाटेल तिथून गळून जायचं. भटजी म्हणाले, चालेल, भावना महत्त्वाची. मागे उभे असलेले नातेवाईक माझ्या हाताकडे बघत होते, आणि त्यांच्यातला प्रत्येकजण बापाचंच वाक्य मनात म्हणत होता, हे मला पाठ फिरवूनही दिसत होतं.

तेव्हापासून मला एकच गोष्ट हवी होती. जगदाळेने स्वतःच्या तोंडाने, चार माणसांत सांगावं, की टेप मी लावली. बाकी मला त्याच्याकडून काही नको होतं.

आणि आता तो माणूस माझ्या झेंड्यामागून चालणार होता.

गाडीत मी फार काही ठरवलेलं नव्हतं. छोटे छोटे सूड घेत होतो. खंडूला सांगून जगदाळेच्या भाजीत तिखट जरा सढळ टाकवलं. काशीत त्याला चौथ्या मजल्यावरची खोली द्यायची, गुडघे वाजले पाहिजेत, एवढं मनात होतं. दुसऱ्या दिवशी इटारसी सोडल्यावर मी चहाचे कप वाटत होतो. गाडीने गचका दिला, उपरणं घसरलं आणि माझा उजवा हात जगदाळेच्या नाकासमोर आला.

"अरे! काय झालं रे हाताला?" त्याने विचारलं.

मी कप खाली ठेवला. वाटलं, आता. "प्रेसमध्ये गेला, साहेब. चाकणला."

त्याने हात नीट पाहिला. चष्म्यातून, वाकून. मग मान हलवली. "लक्ष नसतं रे तुम्हा पोरांचं. आमच्याकडं पण होती अशी. स्वतःच बटणं बांधायची, स्वतःच बोटं घालवायची आणि नंतर साहेबाच्या नावानं शंख. विजू, साखर आहे का गं यात?"

त्याची बायको, विजयश्रीताई, माझ्याकडे बघत होत्या. "फार दुखलं असेल ना, नाथभाऊ?" त्या म्हणाल्या. मी म्हटलं, आता नाही दुखत. आणि डब्याच्या दाराशी जाऊन उभा राहिलो. अकरा वर्षं मी रोज त्या माणसाला आठवत होतो, आणि माझा कापलेला हात तोंडासमोर धरूनही त्याला मी आठवलो नव्हतो. शत्रूला निदान आपलं तोंड तरी ओळखता यावं, एवढीही माझी लायकी नव्हती.

तिथं दाराशी उभं राहून मला चिठ्ठी सुचली. आपली माणसं पूजेला बसली की गुरुजींच्या मागून काय वाटेल ते म्हणतात. गुरुजी म्हणाले "म्हणा", की म्हणायचं. निम्मं लक्ष चपलांकडे, निम्मं मोबाईलकडे. मी न वाचता अंगठा दिला होता. तो न ऐकता म्हणणार होता.

काशीत पहिल्या दिवशी मी सगळ्यांना फिरवलं. काळभैरव, विश्वनाथ, अन्नपूर्णा, मग दुपारी नावेतून घाट. त्या दिवशी माझी जीभ फार छान चालली. पंचवीस माणसं नावेत गप्प बसून ऐकत होती. मी सांगितलं, काळभैरव हा काशीचा कोतवाल, इथं यमाचं काही चालत नाही, पण भैरवाचा सोटा चुकत नाही. आणि सांगितलं, बाहेर केलेलं पाप काशीत फिटतं, पण काशीत केलेलं पाप वज्रलेप होतं, मग ते कुठंच फिटत नाही. "म्हणून इथं कुणी खोटं बोलू नये," मी म्हटलं. विजयश्रीताईंनी ते वहीत लिहून घेतलं. शिक्षिकाच त्या.

जगदाळे शेंगा खात होता. "मग मी उद्या कारलं सोडणार," तो म्हणाला. सगळे हसले.

"आवडीचं सोडायचं असतं, काका," सुमनताई म्हणाल्या. त्यांची ही दुसरी यात्रा, त्यामुळे त्या अर्ध्या गाईड झाल्या होत्या.

"मला फार आवडतं कारलं," तो म्हणाला आणि बायकोला कोपर मारलं. त्या हसल्या नाहीत. "आयुष्यात एक घास खाल्ला नाहीये त्यांनी कारल्याचा," त्या म्हणाल्या.

संध्याकाळी मी गुरुजींकडे गेलो. त्यांचं घराणं मराठी, पण पाच पिढ्या काशीत, बोलताना मधूनच हिंदी येतं. मी जगदाळेची चिठ्ठी त्यांच्यापुढे ठेवली. त्यांनी वाचली, चष्मा कपाळावर सरकवला.

"यह क्या है, नाथभाऊ?"

मी उपरणं काढलं आणि हात पंचांगावर ठेवला. मग सगळं सांगितलं. त्यांनी चिठ्ठी पुन्हा एकदा वाचली.

"हे खोटं असलं तर?" त्यांनी शेवटी विचारलं.

"तर वज्रलेप माझा."

"खरं असलं तरी फसवून म्हणवतोयस. काशीत. तेवढं तरी तुझ्या माथी येणारच."

"येऊ दे," मी म्हटलं.

त्यांनी चिठ्ठी पंचांगात घातली. "मी तीस वर्षं चिठ्ठ्या वाचतो. लिहिलंय तेच वाचतो."

सकाळी घाटावर नऊ यजमान ओळीने बसले. प्रत्येकापुढे पत्रावळ, पिठाचे पिंड, काळे तीळ, तांब्या. मी मागे झेंडा धरून उभा. आधी सगळ्यांचा मिळून विधी झाला, मग गुरुजी एकेकापुढे बसून चिठ्ठी वाचू लागले. चौथा नंबर जगदाळेचा. अनामिकेत दर्भाची अंगठी, हातात पाणी. त्याचा तळवा भरलेला, पाचही बोटं शाबूत. एक थेंब गळत नव्हता. मी त्या हाताकडे बघत राहिलो.

"म्हणा, मी यशवंत बाजीराव जगदाळे."

"मी यशवंत बाजीराव जगदाळे."

"माझ्या हातून जाणता-अजाणता घडलेल्या पापांचं प्रायश्चित्त म्हणून."

म्हणाला. त्याचं लक्ष एका नावेकडे होतं. परदेशी लोक त्यातून फोटो काढत होते आणि त्याने पोट आत घेतलं.

"चाकणच्या कारखान्यात."

"चाकणच्या कारखान्यात."

"प्रेस नंबर चारचं उजवं बटण."

"प्रेस नंबर चारचं उजवं बटण."

"मी माझ्या हाताने टेप लावून बांधलं."

"मी माझ्या हाताने टेप लावून..."

तो थांबला. नाव पुढे निघून गेली. त्याने गुरुजींकडे पाहिलं, मग पत्रावळीकडे, जणू तिथं काही लिहिलं असेल. आजूबाजूचे यजमान आपापल्या पिंडांत गुंतले होते, ते हळूहळू वळून बघायला लागले.

"ही काय थट्टा आहे?" तो उठायला लागला.

"यजमान, पाणी हातात घेतल्यावर उठता येत नाही," गुरुजी शांतपणे म्हणाले. "सोडून मगच उठायचं."

मी पुढे झालो. झेंडा काखेत धरला आणि उजवा हात त्याच्या समोर उघडला. काल रात्रीपासून मी ठरवत होतो, या क्षणी काय बोलायचं. वाक्यं तयार होती. पण मी हातच पुढे धरून ठेवला.

त्याने हात पाहिला, माझं तोंड पाहिलं, पुन्हा हात पाहिला. त्याचा आवाज अगदी बारीक झाला होता.

"त्यातला तू कोणता?" त्याने विचारलं.

मला कळायला वेळ लागला. मी अकरा वर्षं समजत होतो, की आमच्या दोघांत एक गाठ आहे, जगात फक्त आमच्या दोघांची. त्याने मला लपवलंय, गाडलंय, म्हणून तो ओळख देत नाही. तसं काही नव्हतं. तो मला दुसऱ्यांत मिसळून विसरला होता.

"त्यातला म्हणजे?" विजयश्रीताई शेजारून म्हणाल्या. "अहो, किती होते?"

त्याने पुन्हा पत्रावळीकडे पाहिलं.

"तुम्ही तर सांगायचात, पोरं स्वतः बांधतात बटणं. मी कित्येकदा म्हटलं असेन, काय बाई निष्काळजी पोरं. मी म्हटलंय तसं, लोकांसमोर म्हटलंय." त्यांचा आवाज वर्गात मुलाला उभं केल्यासारखा झाला. "काल ऐकलंत ना, इथं खोटं बोललं तर काय होतं? किती होते?"

"चार."

"चार?"

"चार माणसं," तो म्हणाला.

घाटावर इतकी माणसं, इतक्या घंटा, पण आमच्या ओळीत कुणी हललं नाही. सुमनताईंनी पदर तोंडाला लावला. विजयश्रीताई नवऱ्याकडे बघत होत्या. त्या थोड्या सरकून बसल्या, हातभर लांब.

"वरून प्रेशर होतं, विजू. सगळेच करायचे. नगामागं सहा सेकंद..."

"पुढचं म्हणा," त्या म्हणाल्या. "गुरुजी, वाचा."

गुरुजींनी वाचलं. टेप मी लावली. कामगाराने नाही म्हटलं असताना लावली. त्याला इंग्रजी येत नसताना त्याच्या अंगठ्याखाली खोटा कागद ठेवला. जगदाळे एकेक तुकडा म्हणत गेला. मला वाटलं होतं, हे ऐकताना माझ्या छातीत काहीतरी मोकळं होईल. झालं. अगदी खरं सांगतो, फार गोड वाटलं. एकेक शब्द मी बडीशेप चघळावी तसा चघळला. पण चिठ्ठी माझ्या एकट्यापुरती होती आणि ती संपली.

"आता नावं," विजयश्रीताई म्हणाल्या. "चौघांचीही घ्या."

तो त्यांच्याकडे बघत राहिला. "आठवत नाहीत."

"मग आठवेपर्यंत बसा."

पाणी त्याच्या हातात होतं. मी त्याच्यापुढे उकिडवा बसलो. "पहिलं मी सांगतो," मी म्हटलं. "नवनाथ ज्योतीराम. म्हणा."

"नवनाथ ज्योतीराम."

"आता ते पाणी माझ्या बापाला द्या."

गुरुजींनी माझ्याकडे पाहिलं आणि मान डोलावली. "परक्याच्याही बापाला देता येतं. पाणी द्यायला नातं लागत नाही."

"बोटं आहेत ना तुमच्याकडे?" मी म्हटलं. "मग नीट द्या. अंगठा आणि तर्जनीच्या मधून. माझ्याकडून कधी गेलं नाही ते."

"ज्योतीराम," तो म्हणाला आणि हात कलता केला. पाणी तिथूनच गेलं, सरळ, एका धारेत, तिळांसकट. बाप गेल्याला आठ वर्षं झाली होती. मी मोठ्याने म्हणालो, "ऐकलंस का, आबा? टेप यानं लावली." रडलोही. लाज नाही वाटली. पण रडलो म्हणून कुणी समजू नये, की माफ केलं.

बाकीची तीन नावं त्याला येत नव्हती. विजयश्रीताई उठल्या, त्याच्या पिशवीतला मोबाईल काढला आणि त्याच्या ओल्या हातात दिला. ऊन चढेपर्यंत तो घाटाच्या पायरीवर बसून चाकणला फोन लावत होता. "अरे, आपल्याकडं प्रेस शॉपला एक होता बघ. हात गेलेला. नाव काय रे त्याचं? नाही, हा नाही, त्याच्या आधीचा." मी झेंडा धरून तिथंच उभा. यात्रेकरू दर्शनाला खोळंबले होते, पण एकानेही तक्रार केली नाही. एक नाव मिळालं, सयाजी, तो गावी मेंढरं राखतो. दुसरं मिळालं, बुद्धरत्न. त्याचा नंबरही मिळाला. जगदाळेने स्पीकर लावला, कारण बायकोने लावायला सांगितला.

जगदाळेने सगळं सांगितलं. काशी, गंगा, प्रायश्चित्त.

"आता आठवलो होय, साहेब?" बुद्धरत्न म्हणाला. "आमी पाण्यानं पाप धुत न्हाई. तुमचं तिथं कोण ऐकतंय? मासे? टेप चाकणला लावली ना, मग चाकणला येऊन बोला. गेटवर, माणसांपुढं." आणि फोन ठेवला.

चौथ्याचं नाव कुणालाच आठवलं नाही. तो कुठून तरी ठेकेदाराकडून आला होता, महिनाभर राहिला, हात गेला आणि निघून गेला. फायलीतही नसावा.

परतीच्या गाडीत विजयश्रीताई माझ्या डब्यात येऊन बसल्या. मग म्हणाल्या, "मी गोडधोड सोडणार होते. काहीच सोडलं नाही शेवटी."

"मीही नाही," मी म्हटलं.

"नका सोडू," त्या म्हणाल्या. "चौथा सापडेपर्यंत तरी नका सोडू."

तेव्हापासून मी एक वेगळी सहल चालवतो. तिच्यात यात्रेकरू एकच आहे. दर शुक्रवारी विजयश्रीताई नवऱ्याला डबा देऊन पिंपळे सौदागरच्या त्यांच्या सोसायटीच्या गेटवर उभं करतात आणि मी त्याला बसमध्ये बसवून चाकणला नेतो. दुपारी तीनची शिफ्ट सुटते आणि दुसरी आत जाते, तेव्हा गेटबाहेर चहाच्या टपरीवर शेकडो माणसं असतात. सुरुवात त्याच्या जुन्या कारखान्याच्या गेटवरून केली. आता दर शुक्रवारी एक नवं गेट. मी झेंडा घेऊन पुढे, तो मागे. काशीत घाट दाखवतो तशी मी त्याला एकेक टपरी दाखवतो. पहिल्या शुक्रवारी बुद्धरत्न आला होता. चहा न घेता सगळं ऐकलं आणि म्हणाला, "आवाज वाढवा, साहेब." त्यानंतर तोही अधूनमधून येतो.

ठेकेदाराकडचा, महिनाभर राहिलेला, उजवा हात गेलेला माणूस कुणाला माहीत आहे का, हे जगदाळेला विचारायचं असतं. लोक विचारतात, तुम्ही त्याला का शोधताय? मग त्याला सांगावं लागतं. दर वेळी, पहिल्यापासून. पोरं कप हातात धरून थांबतात. त्याचे गुडघे दुखतात, घसा कोरडा पडतो, कधी कधी माझ्याकडे बघतो, की आज पुरे का.

मी झेंडा डाव्या हातातून उजव्या काखेत घेतो आणि सांगतो, "म्हणा, प्रेस नंबर चार."